मनोपचारात अध्यात्माला जागा कशी द्यावी: थेरपिस्ट आणि समुपदेशकांसाठी टप्प्याटप्प्यानं मार्गदर्शन

आजारपणात मूल गमावलेली आई विचारते, "आयुष्यभर सगळं नेमानं केलं, कुणाचं वाईट चिंतलं नाही. मग हे माझ्याच वाट्याला का आलं?" समोरचा थेरपिस्ट तिची झोप, भूक, रडू कधी येतं याची विचारपूस करू शकतो. ती करायलाच हवी. पण तिनं विचारलेला प्रश्न तसाच अधांतरी राहिला, तर ती पुढच्या वेळी तो विचारणार नाही. हळूहळू आपल्या दुःखाचा गाभा दाराबाहेर ठेवूनच आत यायला शिकेल.

हा लेख त्या प्रश्नापाशी थांबू पाहणाऱ्या थेरपिस्टसाठी आहे. माझं म्हणणं एवढंच आहे: अध्यात्म थेरपीत आपण आणायचं नसतं. क्लायंटबरोबर ते आलेलंच असतं, कधी आधार म्हणून, कधी जखम म्हणून, तर कधी आजाराचाच भाग होऊन. आपलं काम ते ओळखण्याचं, त्याबद्दल विचारण्याचं आणि क्लायंटच्याच श्रद्धेच्या चौकटीत राहून त्याच्याशी काम करण्याचं आहे.

मानसशास्त्राला हे मान्य व्हायला बराच काळ लागला. विल्यम जेम्स यांनी १९०२ मध्येच धार्मिक अनुभवांचा गांभीर्यानं अभ्यास मांडला होता. सिग्मंड फ्रॉइड यांनी मात्र १९२७ मध्ये धर्माला भ्रम ठरवलं आणि पुढच्या कित्येक पिढ्यांच्या प्रशिक्षणात हाच सूर टिकला. अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञांच्या निदान पुस्तिकेच्या चौथ्या आवृत्तीत, १९९४ मध्ये, 'धार्मिक किंवा आध्यात्मिक समस्या' ही नोंद आली. ती आजार म्हणून आलेली नाही. उपचारात लक्ष देण्याजोगी बाब म्हणून आली. श्रद्धा डळमळणं किंवा धर्म बदलताना होणारी तगमग यांना आजाराचं लेबल न लावता त्यांच्याकडे पाहता येतं, हे त्यातून मान्य झालं. जागतिक मानसोपचार संघटनेनं २०१६ मध्ये भूमिका जाहीर करून सांगितलं की, रुग्णाची धार्मिक-आध्यात्मिक पार्श्वभूमी विचारणं हा माहिती घेण्याचा नेहमीचा भाग असावा आणि उपचारकानं स्वतःची श्रद्धा किंवा अश्रद्धा रुग्णावर लादू नये.

पहिला टप्पा: आधी स्वतःकडे पाहा

क्लायंट देवाविषयी बोलू लागला की तुमच्या आत काय होतं? काहींना अवघडल्यासारखं होतं आणि ते विषय बदलतात. काहींना एकदम जवळीक वाटते आणि त्यांचे प्रश्नच संपतात, कारण 'याला काय म्हणायचंय ते मला कळलं' असं त्यांनी गृहीत धरलेलं असतं. धोका दोन्हीकडे सारखाच आहे. स्वतः श्रद्धाळू असलेला थेरपिस्ट समधर्मी क्लायंटच्या शंका ऐकताना नकळत धर्माची बाजू घेऊ लागतो. धर्मापासून दुखावून दूर गेलेल्या थेरपिस्टला क्लायंटच्या प्रत्येक व्रतात जाच दिसू लागतो.

म्हणून एक निवांत संध्याकाळ काढून लिहा. घरात कोणती श्रद्धा होती? तिनं मला काय दिलं आणि काय हिरावून घेतलं? आज मी कशावर विश्वास ठेवतो? कोणत्या प्रकारच्या श्रद्धाळू माणसाचा मला राग येतो? या शेवटच्या प्रश्नाचं उत्तर सुपरव्हिजनमध्ये, म्हणजे अनुभवी थेरपिस्टसोबत आपल्या कामाची उजळणी होते तिथे, घेऊन जा. ज्या क्लायंटसमोर तुम्हाला सारखं काहीतरी पटवून द्यावंसं वाटतं, त्याच्याबद्दल तिथे सर्वात आधी बोला.

ज्ञानाच्या मर्यादांचाही यात विचार करावा लागतो. सगळ्या धर्मांची माहिती कुणालाच नसते आणि तशी गरजही नसते. 'तुमच्याकडे याचा अर्थ काय मानतात, आणि तुमच्यासाठी काय आहे?' असं मोकळेपणानं विचारता आलं पाहिजे. या प्रश्नाचे दोन्ही भाग महत्त्वाचे आहेत. परंपरा जे सांगते आणि समोरचा माणूस जे जगतो, त्यात बरंच अंतर असू शकतं.

दुसरा टप्पा: दार उघडं आहे हे कळू द्या

थेरपीत हे विषय चालत नाहीत, असं अनेक क्लायंट गृहीत धरून येतात. पहिल्या भेटीच्या फॉर्ममध्ये एक ओळ घालणं पुरेसं असतं: 'श्रद्धा, धर्म किंवा आयुष्याच्या अर्थाविषयी काही बोलावंसं वाटलं तर इथे बोलता येईल, बोलायचं नसेल तरी चालेल.' तोंडीही तेवढंच सांगा.

पुढे एखादं आध्यात्मिक स्वरूपाचं तंत्र वापरायचं ठरलं, तर त्यासाठी वेगळी संमती घ्या. काय करणार, का करणार, नको असेल तर दुसरा पर्याय कोणता, हे सांगा. थेरपिस्टच्या शब्दाला वजन असतं. आपल्याला नाही म्हणणं क्लायंटला जड जातं, हे धरूनच चाला.

तिसरा टप्पा: विचारायचं कसं

या टप्प्याला सगळ्यात जास्त वेळ द्या. पुढचं सगळं यावर उभं आहे.

सुरुवात 'तुम्ही धार्मिक आहात का?' या प्रश्नानं करू नका. त्याचं उत्तर हो किंवा नाही एवढंच येतं आणि दोन्हींतून काही कळत नाही. आधी देवाधर्माचा उल्लेख नसलेले प्रश्न विचारा. 'सगळ्यात कठीण दिवसांत तुम्ही कशाच्या जोरावर तग धरला?' 'मन शांत कुठे होतं?' 'आयुष्यात असं काय आहे, ज्याच्याशी तडजोड करणं तुम्हाला जमणारच नाही?' यातून क्लायंट स्वतःचे शब्द देतो. कुणी देव म्हणेल, कुणी निसर्ग, कुणी कर्तव्य, कुणी संगीत. पुढच्या सगळ्या बोलण्यात तेच शब्द वापरा. जो माणूस 'ती शक्ती' म्हणतो, त्याच्यासमोर आपण 'ईश्वर' म्हणायला लागलो की तो आपल्या भाषेत बोलू लागतो आणि स्वतःपासून दूर जातो.

नास्तिक क्लायंटलाही हे प्रश्न लागू पडतात. अर्थ, मृत्यू, कृतज्ञता, आपल्यापेक्षा मोठ्या कशाशी तरी जोडलं जाणं, या गोष्टी देव मानणाऱ्यांच्या मालकीच्या नाहीत.

यानंतर थोडी शिस्तबद्ध माहिती घ्यायची असेल तर तयार चौकटी आहेत. डॉ. क्रिस्टिना पुचाल्स्की यांची 'फिका' ही चौकट डॉक्टरांसाठी तयार झाली, पण समुपदेशनातही उपयोगी पडते. तिच्यात चार गोष्टी विचारतात: श्रद्धा कशावर आहे, आयुष्यात तिचं महत्त्व किती, कोणत्या समुदायाचा आधार आहे का, आणि उपचारात आपण याची दखल कशी घ्यावी. चौथा प्रश्न वगळू नका. श्रद्धा महत्त्वाची असूनही ती थेरपीत आणायची नाही, असं म्हणणारे क्लायंट असतात आणि तो त्यांचा हक्क आहे. निदान पुस्तिकेच्या पाचव्या आवृत्तीबरोबर २०१३ मध्ये आलेली १६ प्रश्नांची सांस्कृतिक मुलाखतही हाताशी ठेवा. धर्म, अध्यात्म आणि नैतिक परंपरांसाठी तिला वेगळी पुरवणी आहे.

त्यापुढे श्रद्धेचा इतिहास ऐका. कुटुंबवृक्ष काढताना तीन पिढ्यांची श्रद्धा त्यावर मांडली, तर पुष्कळ काही दिसतं: कुणी धर्म बदलला, कुणाचं लग्न त्यामुळे मोडलं, कोण कुणाच्या धाकानं प्रार्थना करत होतं. 'लहानपणचा देव कसा होता? आताचा कसा आहे?' हा माझा आवडता प्रश्न आहे. चूक शोधत बसलेला देव आणि कडक शिस्तीचे वडील यांचा चेहरा पुष्कळदा एकच असतो. मात्र हे क्लायंटच्या लक्षात यावं लागतं. आपण घाईनं सांगितलं तर त्याला ती श्रद्धेची हेटाळणी वाटते.

चौथा टप्पा: आधार, ओढाताण की आजार?

जमलेल्या माहितीकडे आता एका प्रश्नाच्या अंगानं पाहायचं: या माणसाच्या आयुष्यात ही श्रद्धा नेमकं काय काम करते आहे?

केनेथ पार्गमेंट या मानसशास्त्रज्ञानं संकटात लोक धर्माकडे कसे वळतात याचा दीर्घकाळ अभ्यास केला. वळण्याचे दोन ढोबळ मार्ग त्यांना दिसले. काही जण देवाला सोबती मानतात, समुदायाचा आधार घेतात, संकटात काही अर्थ शोधतात. काहींना देवानं टाकलं असं वाटतं, ही शिक्षाच आहे असं वाटतं, किंवा समुदायाचाच राग येतो. दोन्ही मोजायला त्यांची १४ विधानांची छोटी प्रश्नावली आहे, ७ एका बाजूची आणि ७ दुसऱ्या. आध्यात्मिक ओढाताण बारकाईनं पाहायची असेल तर ज्युली एक्सलाइन आणि सहकाऱ्यांची २०१४ मधली २६ विधानांची मापनश्रेणी आहे. तिच्यात सहा प्रकार येतात: देवाशी असलेलं भांडण, दुष्ट शक्तीची भीती, धर्मावरून माणसांशी झालेले तंटे, नैतिक अपराधभाव, शंका, आणि आयुष्य निरर्थक वाटणं.

ही ओढाताण हलक्यानं घेऊ नका. पार्गमेंट आणि सहकाऱ्यांनी ५५ वर्षांवरील ५९६ आजारी व्यक्तींचा दोन वर्षं पाठपुरावा केला आणि त्याचे निष्कर्ष २००१ मध्ये मांडले. देवानं आपल्याला सोडलं, त्याचं आपल्यावर प्रेम नाही, असं वाटणाऱ्यांमध्ये मृत्यूचा धोका जास्त आढळला. हा संबंध आजाराची तीव्रता, मानसिक स्थिती वगैरे गोष्टी हिशेबात धरूनही टिकला. म्हणून 'श्रद्धा आहे ना, मग चांगलंच आहे' असं म्हणून पुढे जाऊ नये.

आता आजाराबद्दल. देवाचा आवाज ऐकू येतो असं कुणी सांगितलं की लगेच भ्रमाचं निदान करू नये. तसंच 'त्यांची श्रद्धा आहे' म्हणून गप्पही बसू नये. काही गोष्टी तपासून पाहा. त्याच परंपरेतल्या जाणत्या माणसांना हा अनुभव ओळखीचा वाटतो की त्यांनाही विचित्र वाटतो? अनुभव येऊन ओसरतो की माणसाचा ताबाच घेतो? त्यानंतर त्याचं काम, नाती, स्वतःची निगा सुधारली की ढासळली? त्याबद्दल शंका घेण्याची थोडीतरी जागा त्याच्या मनात उरली आहे का? बोलण्याची संगती सुटली आहे का, कित्येक रात्री झोप नाही असं आहे का? आवाज स्वतःला किंवा दुसऱ्याला इजा करायला सांगत असेल, तर बाकीचे प्रश्न बाजूला ठेवा. त्याच दिवशी सुरक्षेची व्यवस्था करा आणि मानसोपचारतज्ज्ञाकडे पाठवा. अर्थपूर्ण आध्यात्मिक अनुभव आणि आजार एकाच माणसात एकत्र असू शकतात, हेही ध्यानात असू द्या. औषधानं भ्रम ओसरल्यावर तो अनुभव आपला काय होता, हा प्रश्न क्लायंटकडे उरतोच आणि तेव्हा त्याला बोलायला कुणीतरी लागतं.

मंत्रचळेपणाचा (ओसीडी: नको असलेले विचार आणि ते शमवायला पुन्हा पुन्हा कराव्या लागणाऱ्या कृती) धार्मिक प्रकार असाच फसवा असतो. प्रार्थनेतला एक शब्द चुकला म्हणून ती पुन्हा पहिल्यापासून, मनात अपवित्र विचार आला म्हणून तासन् तास प्रायश्चित्त. घरच्यांना तो भक्तिभाव वाटतो. इथे 'देव क्षमाशील आहे' असं समजावत बसलात तर तो दिलासाच नवी सक्ती बनतो आणि क्लायंट रोज तोच ऐकायला येतो. यावर उपाय म्हणजे भीतीला सामोरं जाणं आणि कर्मकांड टाळणं, हाच नेहमीचा उपचार. त्यात क्लायंटचा खरा धर्म मोडायचा नसतो. त्याच्या धर्मातला सामान्य श्रद्धाळू जेवढं करतो तेवढ्यापर्यंत यायचं असतं. ही सीमा ठरवायला त्याच परंपरेतला समंजस धर्मगुरू मोठी मदत करतो. त्याच्याशी एकदाच बोलून सीमा आखून घ्या, नाहीतर त्यालाही रोज विचारणं सुरू होतं.

पाचवा टप्पा: प्रत्यक्ष काम

अपेक्षा माफक ठेवा. २०१८ मध्ये ९७ अभ्यासांचा एकत्र आढावा निघाला, त्यात सात हजारांहून अधिक माणसं होती. तीच थेरपी अध्यात्मासह आणि अध्यात्माशिवाय दिली, तेव्हा मानसिक लक्षणांतली सुधारणा साधारण सारखीच होती. आध्यात्मिक समाधान मात्र पहिल्या गटात जास्त वाढलं. मी यातून एवढा अर्थ काढते की ज्याला हे हवं आहे त्याला ते द्यावं आणि ज्याला नको त्याचं त्यावाचून काही अडत नाही.

श्रद्धा आधार देत असेल, तर तिला उपचाराच्या योजनेत रीतसर जागा द्या. नैराश्यातला माणूस सकाळची प्रार्थना सोडून बसला असेल, तर दिवसाच्या वेळापत्रकात पहिली गोष्ट तीच धरता येते. 'मी कुचकामी आहे' हा विचार तपासताना 'तुमच्या श्रद्धेनुसार माणसाची किंमत कशावर ठरते?' असं विचारता येतं. उत्तर क्लायंटच्याच ग्रंथातून, क्लायंटच्याच तोंडून येऊ द्या. आपण वचनं ऐकवायला लागलो की आपली खुर्ची बदलते.

देवावरचा राग असेल तर देवाची वकिली करू नका. "देव परीक्षा बघतो" हे वाक्य सुरुवातीला भेटलेल्या त्या आईनं नातेवाइकांकडून शंभर वेळा ऐकलेलं असतं. रिकाम्या खुर्चीचं तंत्र (समोरच्या रिकाम्या खुर्चीत देव बसला आहे असं मानून त्याच्याशी बोलणं) इथे वापरता येतं, किंवा देवाला लिहिलेलं पत्र. थेरपिस्टपासून सुरू होणारं सेशनमधलं बोलणं साधारण असं जाऊ शकतं:

"तुम्ही म्हणालात, आता हात जोडावेसे वाटत नाहीत."
"लाज वाटते हे बोलायला."
"लाज कुणाची वाटते?"
"त्याचीच. त्याला काय वाटेल."
"म्हणजे तो अजून ऐकतोय असं वाटतंय."
(बराच वेळ शांतता.) "हो. ऐकतोय. म्हणूनच तर राग येतो."

इथे थेरपिस्टनं काही शिकवलेलं नाही. नातं तुटलेलं नाही, दुखावलेलं आहे, हे तिचं तिलाच सापडलं. पुढची काही सेशन्स त्या नात्यावर काम होतं. कुणी पुन्हा श्रद्धेकडे येतं, कुणी वेगळ्या श्रद्धेकडे जातं, कुणी ती कायमची सोडतं. यातली कोणतीही वाट आपण निवडायची नसते.

अपराधभावात आधी खरी चूक आणि उगाच ओढून घेतलेली जबाबदारी वेगळी करा. स्वतःच्या मूल्यांविरुद्ध काही करावं लागलेले सैनिक, आरोग्य कर्मचारी यांच्या दुखण्याला 'नैतिक इजा' म्हणतात. तिथे 'तुमची काही चूक नव्हती' म्हणणं त्यांना खोटं वाटतं. कबुली देणं आणि शक्य तिथे भरपाई करणं, या धर्मपरंपरांनी जपलेल्या वाटा त्यांना जास्त उपयोगी पडतात. क्षमेसाठी रॉबर्ट एनराइट आणि एव्हरेट वर्थिंग्टन यांच्या पायऱ्यांच्या पद्धती आहेत. दोघांचंही सांगणं आहे की क्षमा म्हणजे समेट नव्हे. छळ चालू असताना क्षमेवर काम सुरूच करू नका. आधी सुरक्षितता, मग राग, त्याच्याही पुढे क्षमा, तीही क्लायंटला हवी असेल तर.

अर्थाच्या प्रश्नांसाठी व्हिक्टर फ्रँकल यांची लोगोथेरपी, म्हणजे आयुष्यातला अर्थ शोधायला मदत करणारी उपचारपद्धती, हा जुना भक्कम पाया आहे. तिच्या आधारे विल्यम ब्राइटबार्ट यांनी प्रगत कर्करोगाच्या रुग्णांसाठी अर्थकेंद्रित थेरपी तयार केली. गटासाठी ती ८ सेशन्सची आहे, एकट्यासाठी ७. मोजका वेळ उरलेल्या माणसाशी काय बोलावं हे सुचत नाही, तेव्हा तिची रचना फार धीर देते.

सजगतेच्या (माइंडफुलनेस: या क्षणाकडे शांतपणे लक्ष देणं) साधना आता धर्मनिरपेक्ष रूपात सर्वत्र आहेत. जॉन कबाट-झिन यांनी १९७९ मध्ये सुरू केलेला तणावमुक्तीचा कार्यक्रम आणि नैराश्य पुन्हा उलटू नये म्हणून झालेली सजगताधारित बोधनात्मक थेरपी, दोन्ही आठ आठवड्यांचे आहेत. पण ध्यान सरसकट सगळ्यांना देऊ नका. आघातातून गेलेल्या माणसाला डोळे मिटून श्वासाकडे पाहताना तेच प्रसंग अंगावर येऊ शकतात. त्याला डोळे उघडे ठेवून, पाय जमिनीवर टेकवून, दोन मिनिटांपासून सुरुवात करू द्या. ध्यानाची मुळं एका परंपरेत आहेत, हे दुसऱ्या धर्माच्या क्लायंटपासून लपवू नका. त्याला अडचण वाटली तर त्याच्या परंपरेतली चिंतनाची रीत विचारा.

क्लायंटनं 'माझ्यासोबत प्रार्थना कराल का?' असं विचारलं तर? तो शांतपणे स्वतःची प्रार्थना करत असताना आदरानं सोबत बसणं मला ठीक वाटतं. थेरपिस्टनं स्वतः प्रार्थना चालवणं मी टाळते, कारण त्यानंतर शंका, राग, पाप या विषयांवर आपल्याशी बोलणं त्याला अवघड जातं.

सहावा टप्पा: पळवाट ओळखा

जॉन वेलवुड यांनी १९८० च्या दशकात आध्यात्मिक पळवाटेची कल्पना मांडली. मनाच्या न सुटलेल्या गाठींना हात लावायला लागू नये म्हणून माणूस अध्यात्माच्या आड जातो. "सगळं प्रारब्ध आहे" म्हणत मारहाण सोसणारी व्यक्ती, "मला आता राग येतच नाही" म्हणताना जबडा आवळलेला साधक, घर वाऱ्यावर सोडून एकामागून एक शिबिरं करणारा माणूस. यावर थेट बोट ठेवू नका. 'हे स्वीकारल्यावर शरीरात काय जाणवतं?' किंवा 'या स्वीकाराआधी काय वाटलं होतं?' असं विचारा. स्वीकार खरा असेल तर या प्रश्नांनी त्याला धक्का लागत नाही.

सातवा टप्पा: धर्मगुरूंशी जोडून घेणं

क्लायंटची लेखी संमती असेल तरच संपर्क करा आणि काय सांगायचं, काय नाही, ते आधी क्लायंटबरोबर ठरवा. शास्त्रार्थाचे प्रश्न त्यांच्याकडे जाऊ द्या. 'धर्म घटस्फोटाला परवानगी देतो का' हे ठरवणं आपलं काम नाही. मात्र जखम धर्मसंस्थेतच झाली असेल, गुरूनं किंवा संस्थेतल्या कुणी शोषण केलं असेल, तर तिकडे परत पाठवण्याची सूचनाही करू नका. लहान मुलांना धोका असेल तर तुमच्या ठिकाणचा कायदा कळवण्याचं जे बंधन घालतो ते पाळा. अशा क्लायंटचं विश्वासाचं मोजमापच बिघडलेलं असतं. त्याला तुमच्या सीमा स्पष्ट दिसणं हाच उपचाराचा मोठा भाग असतो.

आठवा टप्पा: तपासणी आणि नोंदी

दर पाच-सहा सेशन्सनंतर विचारा: 'आपण हे विषय बोलतोय त्यानं मदत होते आहे का? कुठे मी तुम्हाला ढकलतेय असं वाटलं का?' सुरुवातीला ओढाताणीची प्रश्नावली भरून घेतली असेल तर तीच पुन्हा भरून घ्या. लक्षणं कमी होत असताना ओढाताण वाढलेली दिसू शकते. दबलेली शंका बोलली जाऊ लागली की असं होतं. अशा वेळी घाबरून विषय बंद करू नका. मात्र झोप, जेवण आणि जिवाच्या सुरक्षिततेबद्दलची विचारपूस वाढवा.

नोंदी लिहिताना क्लायंटचे शब्द अवतरणचिन्हांत लिहा आणि तुमचा अर्थ वेगळ्या ओळीत. 'धार्मिक भ्रम' असं लिहिण्याआधी कोणत्या निरीक्षणांवरून तसं वाटलं ते लिहा. ही फाइल उद्या दुसऱ्या डॉक्टरच्या, वकिलाच्या किंवा खुद्द क्लायंटच्या हातात जाऊ शकते. ज्या तपशिलावरून त्याचा धर्मबदल किंवा अश्रद्धा घरच्यांना कळू शकते, तो उपचारासाठी गरजेचा नसेल तर लिहूच नका.